खाडीकाठची वस्ती उठवण्याची नोटीस: जागेचा वाद वेगळा, माणसांचा वेगळा

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे मी काही चुकीचं धरून चाललो असेन तर लगेच लक्षात येईल. कोकणातल्या एका नगरपरिषदेच्या हद्दीत, खाडीच्या काठाला साठेक घरांची तुमची वस्ती. बहुतेक खलाशी, मासे विकणाऱ्या बायका, थोडे भाडेकरू. तुमच्या आईच्या नावे १९८९ पासून घरपट्टी, पुढे वीज आणि नळ. जागेच्या कागदावर मात्र तिचं नाव नाही. आता खाडीकाठचा रस्ता मंजूर झालाय आणि दारावर नोटीस चिकटवलीय: शासकीय जागेवरचं अतिक्रमण सात दिवसांत स्वतःहून काढा, नाहीतर आम्ही काढू आणि खर्च वसूल करू. त्याच जागेवर शहरातलं एक जुनं घराणं मालकी सांगतं आणि त्यांचा सरकारशी दिवाणी दावा चालू आहे. तुम्ही विचारलंत: असं उठवता येतं का, उठवलं तर दुसरीकडे घर देणं सरकारवर बंधनकारक आहे का, आणि नगरपरिषदेचा माणूस संमतीपत्र घेऊन आलाय त्यावर आईने सही करावी का.

माझी नोकरी महसूल खात्यात, कोकणातल्या तालुक्यांतच गेली. अशा नोटिसा मी काढल्या आहेत, पंचनामे केले आहेत. निवृत्तीनंतर लोकांना अशाच नोटिसांची उत्तरं लिहून देतो. वकील मी नाही. कोर्टात जायची वेळ आली तर तो लागेलच. कागद न पाहता लिहितोय, त्यामुळे काही ठिकाणी 'असं असेल तर असं' एवढंच सांगता येईल.

तुमच्या प्रश्नात दोन वाद आहेत: जागा कोणाची, आणि तिथे राहणाऱ्या माणसांचं काय. कार्यालयात हे दोन्ही सोयीप्रमाणे एकत्र किंवा वेगळे केले जातात. पाडायचं असतं तेव्हा जागा ठामपणे सरकारची असते. पुनर्वसन मागायला गेलात की तीच जागा 'न्यायप्रविष्ट' होते आणि साहेब हात वर करतात. माझं म्हणणं एवढंच, की जागेचा निकाल काहीही लागो, माणसांची नोंद करणं आणि त्यांची सोय ठरवणं हे काम सरकारचंच आहे आणि ते पाडकामाच्या आधी व्हायला लागतं.

आधी जागा. कोकणात खाडीकाठच्या जागेइतकी भानगडीची जागा दुसरी नाही. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम १९६६ च्या कलम २० प्रमाणे खाडीचा तळ, भरतीच्या रेषेच्या खालचा भाग, सरकारचा. पण भरतीची रेषा जुन्या नकाशात एकीकडे असते आणि आज बांध, भराव, जेट्टी झाल्यावर दुसरीकडे. रेषेच्या वरचं खाजण, म्हणजे खाऱ्या पाण्याची सखल जमीन, कुठे खोताच्या (गावचा सारा गोळा करणाऱ्या जुन्या वतनदाराच्या) नावे राहिलेलं असतं, कुठे कुळकायद्यात कुळाला गेलेलं, कुठे खारभूमी योजनेत आलेलं. खोती १९४९ च्या कायद्याने गेली, पण जुन्या फेरफारांतली नावं अजून भांडतात. त्यात शहर म्हणजे सिटी सर्व्हे आला. अनेक ठिकाणी मिळकत पत्रिकाही (शहरी जागेचा उतारा) चालू आणि सातबाराही चालू, आणि दोन्हींवर नावं वेगळी. भराव टाकून झालेल्या पट्ट्याला तर कधीकधी नंबरच नसतो. नकाशात तिथे अजून पाणी दाखवलेलं असतं आणि प्रत्यक्षात त्यावर तुळशीवृंदावन असतं.

अशा जागेवर 'शासकीय' एवढा शब्द लिहून नोटीस काढता येते, पण ती टिकेलच असं नाही. कलम २० मध्येच सोय आहे: सरकार आणि दुसरं कोणी यांच्यात हक्काचा वाद असेल तर जिल्हाधिकारी किंवा भूमापन अधिकारी रीतसर नोटीस देऊन चौकशी करतो आणि आदेश देतो. त्या आदेशावर ठरलेल्या मुदतीत, म्हणजे वर्षाच्या आत, दिवाणी दावा करता येतो. दुसरा आधार सर्वोच्च न्यायालयाचा, १९८२ चा, आंध्र सरकार विरुद्ध तुम्मला कृष्णराव. जागा हैदराबादची, पण तत्त्व सगळीकडचं: मालकीचा खरोखरचा वाद असेल आणि ताबा जुना असेल तर सरकारने झटपट निष्कासनाच्या, म्हणजे हुसकावून काढण्याच्या, कलमाचा वापर करून स्वतःच स्वतःचा न्यायाधीश होऊ नये, दिवाणी न्यायालयात जावं. आपल्याकडचं झटपट निष्कासन म्हणजे जमीन महसूल अधिनियमाचं कलम ५० आणि ५३. काल-परवा ठोकलेल्या टपरीसाठी ती ठीक आहेत. छत्तीस वर्षांच्या घरासाठी, त्यातही दावा चालू असलेल्या जागेवर, ती वापरणं माझ्या मते चूक आहे, आणि तसं उत्तर तुम्ही लेखी द्यायला हवं.

इथे एक गोष्ट बहुतेकांच्या लक्षात येत नाही. वस्तीतले लोक त्या घराण्याच्या दाव्याला शत्रू समजतात. पण विचार करा: जागा सरकारची ठरली तर तुम्ही अतिक्रमणदार. घराण्याची ठरली, तर रस्त्यासाठी सरकारला ती घ्यावी लागेल. २०१३ च्या भूसंपादन कायद्याखाली घेतली, तर शहरी भागात संपादनापूर्वी तीन वर्षं किंवा जास्त राहणारं कुटुंब, जागा नावावर नसली तरी, 'बाधित कुटुंब' ठरतं. त्या कायद्याच्या दुसऱ्या अनुसूचीत शहरात किमान ५० चौरस मीटर जोत्याचं बांधलेलं घर, वर्षभर दरमहा ३,००० रुपये निर्वाह, सामान हलवायला ५०,००० आणि एकरकमी पुनर्वसाहत भत्ता ५०,००० असं लिहिलेलं आहे. म्हणजे तीच भिंत, तेच छप्पर, पण वरचं नाव बदललं की हक्क बदलतो. म्हणून दावा कुठल्या टप्प्यावर आहे, त्यात स्थगिती आहे का, हे आजच काढा. आणि वकील म्हणाला तर वस्तीच्या वतीने त्या दाव्यात पक्षकार म्हणून येण्याचा अर्ज करा. सावधगिरी एवढीच, की नगरपरिषदा हल्ली टीडीआर (जागेच्या बदल्यात दुसरीकडे बांधकामाचा हक्क) देऊन किंवा थेट वाटाघाटीने जागा घेतात. तसं झालं तर या अनुसूचीवर बोट ठेवणं अवघड होतं आणि राहणाऱ्यांचं नाव व्यवहारात येतच नाही. घराण्याशी बोलणी चालू आहेत असं कानावर आलं तर गप्प बसू नका.

दुसरं बघायचं ते नोटिशीवरचं कलम. नोटीस कोणी काढली आणि कुठल्या कायद्याखाली, यावर पुढचं सगळं ठरतं. मुख्याधिकाऱ्यांनी १९६५ च्या नगरपरिषद कायद्याखाली काढली असेल तर एक रस्ता; बिनपरवाना बांधकाम म्हणून प्रादेशिक व नगररचना अधिनियमाच्या कलम ५३ खाली असेल तर दुसरा, तिथे मुदतीत बांधकाम कायम ठेवण्याचा अर्ज करता येतो. तहसीलदारांची असेल तर महसूल अधिनियमाच्या कलम २४७ खाली अपील, पण अपील दाखल झालं म्हणजे स्थगिती मिळाली असं नाही, ती वेगळी मागावी लागते. बंदराच्या जागेत महाराष्ट्र सागरी मंडळ येतं. रेल्वेसारख्या केंद्राच्या जागेला १९७१ चा सार्वजनिक जागांचा कायदा, त्यात आदेशानंतर जिल्हा न्यायाधीशांकडे अपिलाला फक्त बारा दिवस. नोटिशीत कलमच नसेल, आणि अशा नोटिसा मी भरपूर पाहिल्यात, तर उत्तरातलं पहिलं वाक्य तेच असू द्या: कोणत्या अधिकाराखाली ही नोटीस आहे ते कळवावे.

सात दिवसांबद्दल. सर्वोच्च न्यायालयाने १३ नोव्हेंबर २०२४ ला बुलडोझर प्रकरणात सांगितलं, की पाडण्याआधी किमान पंधरा दिवसांची नोटीस, ती रजिस्टर्ड पोस्टाने आणि बांधकामावर चिकटवून, नोटीस गेल्याचं जिल्हाधिकारी कार्यालयाला ईमेलने कळवायचं, म्हणजे मागची तारीख घालता येत नाही, प्रत्यक्ष सुनावणी, कारणांसह आदेश, आदेशानंतरही पंधरा दिवस, आणि पाडकामाचं चित्रीकरण. नियम मोडला तर नुकसान अधिकाऱ्याच्या खिशातून. पण त्याच निकालात अपवाद आहे, आणि तो तुम्हाला सांगितला जाणारच: रस्ता, फुटपाथ, रेल्वेमार्गालगत, नदी किंवा जलाशय अशा सार्वजनिक ठिकाणच्या अनधिकृत बांधकामांना, आणि जिथे कोर्टाचाच पाडण्याचा आदेश आहे तिथे, या सूचना लागू नाहीत. तुमचं घर 'खाडीत' आहे की खाडीलगतच्या कोरड्या जमिनीवर, हा म्हणून शब्दच्छल नाही. त्याचं उत्तर मोजणीच्या नकाशात आहे. अपवादात बसलात तरी मनमानी चालत नाही. १ एप्रिल २०२५ ला प्रयागराजच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने नोटिसा दारावर डकवून, शेवटचा कागद हाती पडल्याच्या दुसऱ्याच दिवशी घरं पाडण्याला अमानुष म्हटलं आणि प्रत्येक घरमालकाला दहा लाख रुपये द्यायला लावले. माणसाच्या हातात नोटीस देण्याचा खरा प्रयत्न करा, नुसती चिकटवू नका, असं तिथे स्पष्ट आलंय.

आता घराचा प्रश्न. इथे खरं बोललं पाहिजे, कारण वस्त्यांमध्ये पुढारी येऊन 'घराच्या बदल्यात घर हा तुमचा हक्क' असं सांगून जातात. सरसकट प्रत्येक अतिक्रमणदाराला घर देण्याचं कायदेशीर बंधन सरकारवर नाही. याचं मूळ १९८५ च्या ओल्गा टेलिस निकालात आहे. १९८१ मध्ये मुख्यमंत्री अंतुले, आपल्याच रायगडचे, यांनी मुंबईच्या फुटपाथवरची माणसं उठवून गावी पाठवायची ठरवलं, त्यातून हे प्रकरण उभं राहिलं. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या घटनापीठाने उपजीविका हा जगण्याच्या हक्काचा भाग मानला. पण फुटपाथ अडवण्याचा हक्क मानला नाही, आणि पर्यायी जागा ही पाडण्याची पूर्वअट नाही असंही म्हटलं. लोक इथेच निकाल मिटवतात. पुढे वाचा. १९७६ च्या गणनेत ज्यांना ओळखपत्रं दिली होती त्यांना पर्यायी जागा द्या. वीस-एक वर्षं जुन्या आणि सुधारणा झालेल्या झोपडपट्ट्या सार्वजनिक कामासाठी लागल्याशिवाय हटवू नका, आणि तशा लागल्या तर पर्यायी जागा द्या. सरकारनेच कोर्टात दिलेल्या हमीवर हे आधारलेलं होतं. पावसाळा संपून महिना होईपर्यंत, म्हणजे ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत, झोपड्यांना हात लावू नका असंही सांगितलं. तुमची वस्ती छत्तीस वर्षांची, नळ-वीज नगरपरिषदेच्या परवानगीने आलेली, आणि जागा रस्त्यासाठी हवी. उत्तरात हाच भाग लिहा. हमी मुंबईच्या प्रकरणातली आहे असं समोरचा म्हणेल. म्हणू दे, सरकार तेच आहे.

या निकालाखेरीज हक्क येतात ते वेगवेगळ्या दारांनी. १९७१ च्या झोपडपट्टी कायद्यात १ जानेवारी २००० पूर्वीच्या रहिवाशांना संरक्षण आणि २०१८ च्या दुरुस्तीनंतर १ जानेवारी २०११ पर्यंतच्यांना सशुल्क पुनर्वसन आहे, पण लहान नगरपरिषदांत वस्ती झोपडपट्टी म्हणून घोषितच नसते आणि मुंबईसारखं पुनर्वसन प्राधिकरणही नसतं. शहरी भागातल्या सरकारी जमिनीवरची १ जानेवारी २०११ पूर्वीची राहती अतिक्रमणं नियमानुकूल (कायदेशीर) करण्याचा शासन निर्णय २०१८ चा आहे. त्यासाठी महसूल अधिनियमाचं कलम ५१ तर आधीपासून आहेच. पंतप्रधान आवास योजनेत स्वतः घर बांधायचं तर जागेचा कागद लागतो, म्हणजे पुन्हा तिथेच. खाडीकाठी असल्यामुळे किनारा नियमन क्षेत्र येतं. २०११ च्या अधिसूचनेत मच्छीमारांसारख्या पारंपरिक किनारी समाजांची राहती घरं, धंद्याला न वापरता आणि बाहेरच्याला न विकता, नियमित करण्याचा विचार करावा असं होतं; पुढे २०१९ ची नवी अधिसूचना आली, तीही बघून घ्या. कांदळवन असेल तर मात्र दार जवळजवळ बंद. उच्च न्यायालयाच्या आदेशांमुळे कांदळवन आणि त्याभोवतीचे पन्नास मीटर यात कोणी तुम्हाला कागद करून देणार नाही.

वस्तीतल्या ज्या बायका घराबाहेर किंवा नाक्यावर बसून मासे विकतात, त्यांचा प्रश्न घरापासून वेगळा मांडा. त्यांना २०१४ चा पथविक्रेता कायदा आहे. त्यात सर्वेक्षण होऊन प्रमाणपत्रं दिली जाईपर्यंत उठवता येत नाही आणि हलवायचं तर तीस दिवसांची नोटीस लागते. घर गेलं तरी विक्रीची जागा टिकू शकते.

ज्यावर मला सर्वांत जास्त लिहायचंय ती गोष्ट म्हणजे यादी. कुठलंही दार उघडलं तरी आत शिरताना विचारतात ते एकच: यादीत नाव आहे का? घर उभं असताना तुम्ही रहिवासी असता. घर पाडल्यानंतर तुम्ही अर्जदार असता, आणि अर्जदाराला पुरावा मागतात. म्हणून माझ्या मते सरकारचं पहिलं कर्तव्य नोटीस नाही, सर्वेक्षण आहे.

ते कसं होतं ते पाहा. कामाच्या दिवशी सकाळी अकराच्या सुमाराला तलाठी, नगरपरिषदेचा कर विभागाचा एक माणूस आणि मोजणीचा फीता धरायला एक शिपाई येतात. दारावर ऑइल पेंटने नंबर टाकतात. दार वाजवतात. पुरुष ट्रॉलरवर, बाई बाजारात, पोरं शाळेत. रजिस्टरच्या रकान्यात लिहिलं जातं: 'घर बंद'. पुढच्या दारी. दोन महिन्यांनी तो रजिस्टरचा कागद टाइप होतो, तेव्हा 'घर बंद' चं 'वास्तव्य नाही' होतं, आणि पात्र-अपात्रच्या यादीत ते कुटुंब अपात्र. यात कोणी पैसे खाल्ले असं नाही, कोणी वाईट वागलं नाही. रकाना भरला, एवढंच.

मी सर्वेक्षण घ्यायचो तेव्हा दोन गोष्टींवर अडून बसायचो. एक, मच्छीमारांच्या वस्तीचं सर्वेक्षण मासेमारी बंदीच्या काळात, १ जून ते ३१ जुलै दरम्यान करायचं, कारण तांडेल (होडीचा प्रमुख) आणि खलाशी तेव्हा घरी असतात. दुसरी, तेवढ्यावर थांबायचं नाही, कारण बंदीत भाड्याने राहणारे बाहेरगावचे खलाशी आपापल्या गावी गेलेले असतात. त्यांच्यासाठी ऑगस्ट उलटल्यावर परत फेरी मारायची. बंद घरावर चिठ्ठी चिकटवायची, शेजाऱ्याचा जबाब घ्यायचा, संध्याकाळी पुन्हा जायचं. चाकरमान्याचं घर वर्षातून गणपतीला आणि शिमग्याला उघडतं. त्याला राहतं म्हणायचं की नाही हा प्रश्न सोपा नाही, आणि मी तरी अशा घरांना राहत्या कुटुंबांच्या बरोबरीने ठेवलं नाही. एका छपराखाली दोन चुली असतील तर दोन कुटुंबं लिहायची. विधवा, परित्यक्ता, एकटी म्हातारी यांची नावं मुलाच्या नावाखाली गडप होऊ द्यायची नाहीत.

तुमच्या वस्तीत सरकारी सर्वेक्षण झालं नसेल तर तुम्ही स्वतः करा. साध्या वहीत, घरटी एक पान: घरातली माणसं, कधीपासून, कोणता कागद, घराचा समोरून आणि आतून फोटो, दोन शेजाऱ्यांच्या सह्या. कागदांत मतदार यादीचा जुना उतारा सगळ्यांत वजनदार, मग रेशनकार्ड, मुलांचा शाळेचा दाखला, लाइट बिल, मच्छीमार सोसायटीचं सभासदपत्र. घरपट्टीची पावती राहण्याचा पुरावा आहे, मालकीचा नाही. बऱ्याच पावत्यांवर तसा शिक्काच असतो. वहीची प्रत मुख्याधिकारी आणि तहसीलदार दोघांच्या आवक विभागात द्या आणि आपल्या प्रतीवर आवक क्रमांक घ्या. ही वही कायद्याने यादी नाही. पण उद्या न्यायाधीशांनी 'किती कुटुंबं आहेत?' विचारलं आणि सरकारी वकिलाकडे आकडा नसला, तर टेबलावर तुमची वही असेल.

यादीनंतर जागा. कोकणात वस्ती हलवायची म्हटलं की पहिलं बोट सड्याकडे, म्हणजे डोंगरावरच्या कातळपठाराकडे, जातं, कारण सरकारी मोकळी जमीन तिथेच उरलीय. कातळ, एप्रिलपासून पाण्याची बोंब, आणि खाडी पाच-सहा किलोमीटर खाली. पहाटे तीनला होडीवर जाणाऱ्याला तिथून कुठली एसटी? बाईने जवळा आणि बोंबील वाळवायचे कुठे, दुसऱ्या मजल्याच्या गॅलरीत? जाळी, इंजिन, बर्फाच्या पेट्या ठेवायच्या कुठे? अशा ठिकाणी दिलेली घरं दोन वर्षांत भाड्याने जातात आणि लोक पुन्हा काठावर दिसतात. मग साहेब म्हणतात, बघा, यांना घरं दिली ती विकून खाल्ली. पर्यायी जागा सुचवली गेली तर आधी प्रत्यक्ष जाऊन बघा, धक्क्यापासूनचं अंतर, पाणी, शाळा, दवाखाना लिहून काढा आणि तुम्हाला चालेल अशी जवळची दुसरी सरकारी जागा, सर्व्हे नंबरासकट, तुम्हीच सुचवा. नुसतं 'नको' म्हणणाऱ्या वस्तीपेक्षा नंबर घेऊन येणाऱ्या वस्तीशी अधिकारी वेगळं बोलतात. मी बोलायचो.

एक बाजू तुम्हाला आवडणार नाही, तरी लिहितो. काही वस्त्या उठवल्याच पाहिजेत. जुलै २०२१ मध्ये महाडजवळ तळिये दरडीखाली गेलं, त्याच दिवसांत वाशिष्ठीच्या पुराने चिपळूण बुडालं. जुलै २०२३ ला इर्शाळवाडी. धोक्याच्या जागेवरून माणसं हलवणं हेही सरकारचं कर्तव्यच आहे, आणि तिथे 'आम्ही पिढ्यान् पिढ्या इथेच' हे उत्तर पुरत नाही. तुमची घरं पुराच्या निळ्या रेषेच्या आत असतील तर जागेसाठी भांडण्यापेक्षा चांगल्या पुनर्वसनासाठी भांडा. फक्त मग निकष सगळ्यांना एक हवा. त्याच रेषेतली रिसॉर्टची भिंत राहिली आणि तुमचं घर गेलं, तर ते उत्तरात फोटोसकट लिहा.

पाडायची वेळ आलीच तर वेळ आणि रीत दोन्ही पाहिल्या जातात. १ जून ते ३० सप्टेंबर राहती घरं पाडू नयेत असा राज्य सरकारचाच निर्णय आहे. जुलै २०२४ मध्ये विशाळगडावरच्या पाडकामावरून मुंबई उच्च न्यायालयाने सरकारला याबद्दल जाब विचारला होता. दिवसाउजेडी, महिला पोलिसांसह, सामानाचा पंचनामा करून. पंचनाम्यात जाळी किती, इंजिन कुठलं, हे लिहून घेतल्याशिवाय सही करू नका. उत्तराखंडातल्या हल्द्वानीच्या रेल्वेलगतच्या वस्तीचं प्रकरण आठवतं का? तिथेही जागा आमचीच असं रेल्वे म्हणत होती आणि उच्च न्यायालयाने हटवायला सांगितलं होतं. जानेवारी २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते थांबवलं, आणि २०२४ मध्ये पुनर्वसनाची योजना घेऊन या असं राज्याला सांगितलं. जागेची मालकी मान्य करूनही माणसांचा प्रश्न उरतो, हे त्यात दिसतं.

या आठवड्यात करायचं काम: मुदत संपायच्या आत नोटिशीला घरटी स्वतंत्र लेखी उत्तर, त्यात कलम विचारा, सुनावणी मागा, मोजणीची 'क' प्रत (मोजणी नकाशाची प्रत) मागा, दाव्याचा उल्लेख करा. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. बाईला तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, म्हणजे तुमच्या आईला मिळेलच. सरकारविरुद्ध दिवाणी दाव्याला दोन महिन्यांची नोटीस लागते, पण तातडी असेल तर कोर्टाच्या परवानगीने ती टाळता येते. रत्नागिरी-सिंधुदुर्गातले असाल तर उच्च न्यायालय आता कोल्हापूरला आहे, १८ ऑगस्ट २०२५ पासून तिथे सर्किट बेंच सुरू झालंय, रायगडला मुंबईच.

उत्तर लिहिताना एका गोष्टीला जपा. 'बारा वर्षं झाली म्हणजे जागा आपली' हे सरकारी जागेला लागू नाही. तिथे तीस वर्षं लागतात, तीही सरकारच्या हक्काला उघड आव्हान देऊन काढलेली, आणि सार्वजनिक वापराच्या जागेवर असा दावा न्यायालयं सहसा उभा करून घेत नाहीत. नियमानुकूल करून द्या असा अर्ज केलात की जागा सरकारची हे तुम्हीच मान्य केलंत. दोन्ही एकदम मागता येत नाही. माझा कल अशा वस्तीत नियमानुकूल करण्याच्या बाजूने असतो, पण घराण्याचा दावा चालू असताना अर्जात 'जागा शासनाची ठरल्यास' हे तीन शब्द आधी घाला, आणि मजकूर वकिलाच्या नजरेखालून जाऊ द्या.

राहिलं संमतीपत्र. कोऱ्या किंवा अर्धवट भरलेल्या कागदावर आईने सही करू नये, अंगठा तर मुळीच नाही. तो माणूस परत आला तर मजकूर तिला वाचून दाखवायला सांगा आणि प्रत मागा. 'स्वखुशीने जागा खाली करत आहे' हे वाक्य असेल तर ते खोडा. त्याऐवजी पर्यायी घराचा पत्ता, चौरस मीटर, ताबा देण्याची तारीख, ते घर कोणाच्या नावे, आणि ताबा मिळेपर्यंत हे घर पाडणार नाही, एवढं त्यात येत असेल आणि खाली मुख्याधिकाऱ्यांची सही-शिक्का असेल, तर सही करायला हरकत नाही. नाव आईचंच घाला, तुमच्या भावाचं नको.